युद्धानुभवांचा मौखिक इतिहास आणि मूळ पाठाचा प्रश्न
(राहुरी परिसराच्या विशेष संदर्भात)

प्रास्ताविक

नगर जिल्ह्याच्या ग्रामीण भागात सैन्यातून निवृत्त होऊन आलेला माणूस बहुधा 'मेजर' या नावाने ओळखला जातो. त्याचा प्रत्यक्षातील हुद्दा शिपायाचा असो, नाईकाचा असो वा सुभेदाराचा, गावाच्या तोंडी तो मेजरच असतो. या संबोधनात गावाचा आदर आहे. मात्र त्याच वेळी त्यात एक प्रकारचे अज्ञानही दडलेले आहे. हा माणूस कोणत्या पलटणीत होता, कोणत्या आघाडीवर गेला, तेथे त्याने काय पाहिले आणि परतल्यावर तो कशाविषयी गप्प राहिला, हे आदराने हाक मारणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असते. राहुरी तालुकाही याला अपवाद नाही.

या अज्ञानाला आता काळाची मर्यादा पडली आहे. १९७१ च्या युद्धात विशीत असलेला जवान आज पंचाहत्तरीच्या घरात आहे. १९६५ चा जवान ऐंशी ओलांडून गेला आहे, तर १९६२ मध्ये हिमालयाच्या आघाडीवर असलेल्यांची पिढी त्याहूनही वृद्ध आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या प्रत्यक्ष साक्षीदारांची पिढी जवळजवळ संपली आहे. त्यामुळे 'आठवणी जतन केल्या पाहिजेत' हे विधान वारंवार केले जाते व त्याला कोणाचाही विरोध नसतो. परंतु जतन म्हणजे नेमके काय, याची चिकित्सा मात्र क्वचितच होते. प्रस्तुत लेखात हाच प्रश्न मध्यवर्ती मानला आहे. युद्ध अनुभवलेल्या माणसाचे कथन संपादित, नीटनेटक्या रूपात टिकवणे म्हणजे जतन नव्हे. त्याचे मूळ बोलणे, त्याच्या बोलीसह, चुकांसह आणि मौनासह, स्वतंत्रपणे सुरक्षित ठेवणे हीच जतनाची पहिली अट होय, अशी मांडणी येथे केली आहे.

लिहिणारे आणि न लिहिणारे

अहमदनगर (आताचा अहिल्यानगर) जिल्ह्याच्या इतिहासात या प्रश्नाचे स्वरूप स्पष्ट करणारा एक विलक्षण योग आढळतो. १९४२ ते १९४५ या काळात अहमदनगरच्या किल्ल्यात राष्ट्रीय नेते बंदिवासात होते. पंडित नेहरूंनी १९४४ मध्ये 'डिस्कव्हरी ऑफ इंडिया' हा ग्रंथ येथेच लिहिला. मौलाना आझाद यांच्या 'गुबार-ए-खातिर' मधील पत्रेही याच बंदिवासातील आहेत. त्याच काळात याच जिल्ह्यातील निमज गावचा एक तरुण इटलीच्या आघाडीवर लढत होता. त्याचे नाव नामदेव जाधव. मराठा लाइट इन्फन्ट्रीच्या पहिल्या पलटणीत निरोप पोहोचवणारा शिपाई म्हणून तो काम करीत होता. ९ एप्रिल १९४५ रोजी सेनिओ नदीच्या काठी त्याने जबर गोळीबारात दोन जखमी सहकाऱ्यांना खोल पाण्यातून, चढ्या बांधावरून आणि सुरुंगांच्या पट्ट्यातून सुरक्षित जागी नेले. त्यानंतर शत्रूची तीन मशीनगन ठाणी निकामी करून बांधावर चढून त्याने मागील तुकड्यांना पुढे बोलावले. या पराक्रमाबद्दल त्याला व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

एकाच जिल्ह्याशी संबंधित असे हे दोन अनुभव एकाच कालखंडातील आहेत. एकाचे लेखन जगभर वाचले गेले. दुसऱ्याची ओळख आज प्रामुख्याने पदकासोबतच्या इंग्रजी मानपत्रातून होते. हे मानपत्र शिपायाच्या कृतीचे वर्णन करते. तिचा क्रम, तिचे लष्करी फलित सांगते. नदीचे पाणी किती थंड होते, पाठीवरचा जखमी माणूस काय बोलत होता, बांधावर चढताना मनात काय आले, हे मानपत्राच्या कक्षेत येत नाही. या संपूर्ण मजकुरात जाधवांच्या तोंडचा उद्गार म्हणून उरते ती केवळ मराठ्यांची युद्धगर्जना. नामदेव जाधव यांचे निधन १९८४ साली झाले. सेनिओच्या लढाईनंतरची एकोणचाळीस वर्षे हा विचारण्यासाठी आणि ऐकण्यासाठी लहान काळ नव्हता.

पहिल्या महायुद्धाच्या बाबतीत हे अंतर अधिकच मोठे आहे. डिसेंबर १९१५ ते २९ एप्रिल १९१६ या काळात मेसोपोटेमियातील कुत येथे वेढ्यात सापडलेल्या सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. शरणागतीनंतर सुमारे तेरा हजार सैनिक व अनुयायी कैदेत गेले व त्यांपैकी अनेकांचा वाळवंटातील पायपिटीत व कैदछावण्यांत अंत झाला. या सैन्याचे सेनापती टाउनशेंड यांनी १९२० मध्ये आपले आत्मसमर्थन ग्रंथरूपाने प्रसिद्ध केले. रुग्णसेवा पथकातील शिशिरप्रसाद सर्वाधिकारी यांनी आपल्या बंदिवासाची हकीकत बंगालीत लिहिली. निरक्षर मराठा शिपायाचा अनुभव मात्र त्याच्या घरापुरता उरला व दोन पिढ्यांनंतर तेथूनही बहुधा नाहीसा झाला.

फ्रान्समधील भारतीय सैनिकांची पत्रे डेव्हिड ओमिसी यांनी १९९९ मध्ये 'इंडियन व्हॉइसेस ऑफ द ग्रेट वॉर' या ग्रंथात संकलित केली. ही पत्रे टिकली याचे कारण लष्करी सेन्सॉरने ती तपासली व त्यांतील उतारे आपल्या अहवालांत घेतले. अनेक पत्रे लेखनिकाला सांगून लिहविलेली होती. आज ती मुख्यत्वे सेन्सॉर खात्याने केलेल्या इंग्रजी भाषांतराच्या रूपातच वाचावी लागतात. म्हणजे येथे शिपायाचे बोलणे आधी लेखनिकाच्या, मग भाषांतरकाराच्या व शेवटी सेन्सॉरच्या हातून गेले आहे. आशय काही प्रमाणात उरला. मूळ शब्द हरवले.

'माझा प्रवास' : मराठीतील एक पूर्वोदाहरण

मूळ शब्द हरवणे म्हणजे काय, याची जाणीव मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकाला नवी नाही. विष्णुभट गोडसे वरसईकर यांचे 'माझा प्रवास' हे १८५७ च्या उठावाचे प्रत्यक्षदर्शी कथन या दृष्टीने पुन्हा वाचावयास हवे. दक्षिणेच्या आशेने उत्तरेकडे निघालेला हा भिक्षुक झाशीच्या वेढ्यात सापडला. नगर पडल्यानंतरची कत्तल व लूट त्याने पाहिली. हे लेखन त्याने घटनांनंतर सुमारे पंचवीस वर्षांनी, चिंतामण विनायक वैद्य यांच्या आग्रहावरून केले. आजच्या परिभाषेत बोलावयाचे तर ही मागणीवरून दिलेली साक्ष होय. वैद्य हे येथे साक्ष मागणारे आणि संपादक अशा दुहेरी भूमिकेत आहेत.

वैद्यांनी हा मजकूर १९०७ मध्ये भाषेत फेरफार करून व काही भाग गाळून प्रसिद्ध केला. परकीय राजवटीचा काळ आणि तत्कालीन शिष्ट वाचकाची अभिरुची लक्षात घेता त्यांची अडचण समजण्यासारखी आहे. तथापि त्यामुळे जवळजवळ साठ वर्षे मराठी वाचकासमोर गोडसे भटजींचे म्हणून जे गद्य होते ते पूर्णपणे त्यांचे नव्हते. मूळ हस्तलिखित सुरक्षित राहिले होते म्हणूनच दत्तो वामन पोतदार यांना १९६६ मध्ये मूळ पाठ प्रसिद्ध करता आला. वैद्यांनी संपादन केले हा दोष मानण्याचे कारण नाही. त्यांनी मूळ प्रत नष्ट होऊ दिली नाही, हे त्यांचे मोठे उपकार होत. संपादन पुढच्या पिढीला दुरुस्त करता येते, हरवलेली मूळ प्रत मात्र परत मिळवता येत नाही, हा 'माझा प्रवास' च्या प्रकाशन-इतिहासाचा धडा आहे.

मराठीत आज माजी सैनिकांच्या आठवणी बहुधा 'शब्दांकन' या प्रकाराने ग्रंथरूप घेतात. सांगणारा बोलतो, शब्दांकन करणारा ते प्रमाण मराठीत वाचनीय करून लिहितो. या प्रकारात 'मी' हा सर्वनामाने सैनिकाचा असतो, वाक्य मात्र दुसऱ्याचे असते. शब्दांकनाची उपयुक्तता नाकारण्याचे कारण नाही. पुष्कळ अनुभव त्यामुळेच वाचकांपर्यंत पोहोचले. परंतु ज्या ध्वनिफितीवरून किंवा टिपणांवरून ते केले गेले त्यांचे पुढे काय होते, हा प्रश्न आपल्या समीक्षेने विचारलेला नाही. ध्वनिफीत हे शब्दांकनाचे हस्तलिखित आहे. ते टाकून देणे म्हणजे वैद्यांची आवृत्ती ठेवून गोडसे भटजींची प्रत नष्ट करण्यासारखे आहे.

आठवणीतील चूक आणि सत्काराची भाषा

मौखिक साधनांवर नेहमी घेतला जाणारा आक्षेप म्हणजे स्मृतीची अविश्वसनीयता. माणूस तारखा विसरतो, ऐकलेले पाहिल्यासारखे सांगतो, स्वतःची भूमिका वाढवितो. हा आक्षेप खरा आहे. परंतु त्यातून काढला जाणारा निष्कर्ष अपुरा आहे. इटालियन अभ्यासक अलेस्सांद्रो पोर्टेली यांनी तेर्नी या औद्योगिक शहरातील लुईजी त्रास्तुल्ली या कामगाराच्या मृत्यूच्या आठवणींचा अभ्यास केला. हा कामगार मार्च १९४९ मध्ये नाटो कराराविरुद्धच्या निदर्शनात पोलिसांच्या गोळीबारात ठार झाला. शहरातील अनेक सांगणाऱ्यांनी मात्र ही घटना १९५३ च्या कामगार कपातीच्या संघर्षात घडली असे सांगितले. पोर्टेली यांनी ही चूक केवळ दुरुस्त करून सोडून दिली नाही. हा मृत्यू निष्कारण ठरू नये, तो अधिक मोठ्या लढ्याशी जोडला जावा, ही समाजाची गरज त्यांनी त्या चुकीत वाचली. दस्तऐवज घटना सांगतो. आठवण तिचा अर्थ सांगते. दोन्ही शेजारी ठेवल्यावरच त्यांतील अंतर दिसते. मात्र त्यासाठी चूक चूक म्हणूनच नोंदलेली असावी लागते. शब्दांकनात ती सहृदयतेने दुरुस्त केली गेली की अभ्यासाचा आधारच नाहीसा होतो.

आपल्याकडे या चुकांना विशिष्ट वळण देणारे दोन घटक लक्षात घ्यावे लागतात. पहिला घटक म्हणजे चित्रपट. १९९७ साली आलेल्या 'बॉर्डर' या चित्रपटानंतर १९७१ च्या युद्धाची एक दृश्यप्रतिमा सर्वांच्या मनात तयार झाली आहे. वृद्ध सैनिकाच्या कथनात अशा प्रतिमा मिसळण्याची शक्यता गृहीत धरावी लागते. दुसरा घटक अधिक जवळचा आहे, तो म्हणजे सत्कार समारंभ. स्वातंत्र्यदिन, प्रजासत्ताक दिन, २६ जुलैचा कारगिल विजय दिन किंवा १६ डिसेंबरचा विजय दिन या निमित्ताने शाळा-महाविद्यालयांत माजी सैनिकांना बोलावले जाते. शाल-श्रीफळ देऊन त्यांना 'दोन शब्द' बोलण्याची विनंती होते. हा उपक्रम स्तुत्यच आहे. परंतु व्यासपीठाला हवी असते ती प्रेरणादायी कथा. भीती, थंडी, उपासमार, वरिष्ठांचा चुकलेला निर्णय, समोर मेलेल्या शत्रूचा तरुण चेहरा यांना तेथे जागा नसते. दरवर्षी तेच दोन शब्द बोलून सांगणाऱ्याचीही एक ठरीव कथा तयार होते व कालांतराने तीच त्याची आठवण बनते. श्रीलंकेत १९८७ ते १९९० या काळात गेलेल्या शांतिसेनेतील सैनिकांची अडचण तर याहून वेगळी आहे. त्या मोहिमेत सुमारे बाराशे भारतीय सैनिक कामी आले. तरी विजयाचा दिवस नसल्यामुळे सार्वजनिक स्मरणात तिला ठळक स्थान मिळाले नाही. ही माणसे आज बहुतांशी साठीच्या आसपास आहेत. त्यांचे ऐकून घेण्यास अजून अवधी आहे.

बोली, पलटणी हिंदी आणि मौन

युद्धकथनाची भाषा हा त्याचा बाह्य पोशाख नसून पुराव्याचाच भाग आहे. मराठी सैनिक युद्धाविषयी बोलू लागला की त्याच्या बोलण्यात दोन भाषा एकमेकींत मिसळतात. गाव, शेती, आई, बायको यांविषयी तो आपल्या बोलीत बोलतो. हुकूम, हत्यारे, मोर्चा, हल्ला यांविषयी पलटणीतील हिंदीत आणि तीत मुरलेल्या इंग्रजी शब्दांत. कोणत्या क्षणी तो एका भाषेतून दुसरीत जातो, हे अर्थपूर्ण असते. सहकाऱ्याच्या मृत्यूचे वर्णन हिंदीत करणारा माणूस कदाचित त्या मृत्यूला गावापासून दूर ठेवीत असतो. हा मजकूर सरसकट प्रमाण मराठीत आणला की ही सीमारेषा पुसली जाते.

मौनाची गोष्टही अशीच आहे. बोलता बोलता थांबणे, विषय बदलणे, 'जाऊ द्या, ते सांगण्यासारखं नाही' असे म्हणणे, हे छापील मजकुरात रिकामे ठरते. ध्वनिमुद्रणात मात्र ते ऐकू येते. सैनिकाच्या मौनाची कारणेही एकसारखी नसतात. काही मौन दुःखाचे, काही अपराधभावाचे, तर काही शिस्तीचे व शासकीय गुपिते अधिनियम, १९२३ च्या जाणिवेचे असते. मुलाखत घेणाऱ्याने ते फोडण्याचा आग्रह धरू नये, पण नोंदवावे.

युद्ध अनुभवलेली माणसे म्हणजे केवळ सैनिक नव्हेत. मनीऑर्डरची वाट पाहणारी, तारेच्या भीतीने दाराशी आलेल्या पोस्टमनकडे पाहणारी, पतीच्या पश्चात निवृत्तिवेतनासाठी कागद गोळा करणारी स्त्री हीदेखील युद्धाची साक्षीदार आहे. 'वीरपत्नी' या गौरवशब्दाने तिचा सन्मान होतो, तसाच तिचा वैयक्तिक आवाज झाकलाही जातो. अशा आवाजांचे जतन मराठीत शक्य आहे, हे हेमा राईरकर व गी पॉइटव्हँ यांनी उभारलेल्या जात्यावरच्या ओव्यांच्या संग्रहाने सिद्ध केले आहे. एक लाखाहून अधिक ओव्यांचा हा संग्रह गाणाऱ्या स्त्रीचे नाव व गाव यांसह नोंदलेला आहे. ग्रामीण, बहुतांशी निरक्षर स्त्रीचा शब्द तिच्या नावानिशी टिकवण्याची ही पद्धत युद्धविषयक मौखिक इतिहासालाही अनुकरणीय आहे.

सांगणाऱ्याचा हक्क

महाराष्ट्रात युद्धपीडितांच्या आठवणी पद्धतशीरपणे संकलित झाल्याचे एक उदाहरण कोल्हापूरजवळील वळिवडे येथील आहे. दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत रशियात हद्दपार केलेल्या व तेथून बाहेर पडलेल्या सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची छावणी तेथे १९४३ ते १९४८ या काळात होती. त्यांत स्त्रिया व मुले यांचे प्रमाण मोठे होते. पुढे ही मुले जगभर विखुरली. तरीही लंडनमध्ये संघटित होऊन त्यांनी स्वतःच्या आठवणी व कागदपत्रे एकत्र केली व ती आधी पोलिश आणि नंतर २००९ मध्ये इंग्रजी ग्रंथाच्या रूपाने प्रसिद्ध केली. येथे आठवणी सांगणारे, जमवणारे व छापणारे एकाच समूहातील होते. म्हणून कोणते सांगावे व कसे सांगावे, याचा निर्णय त्यांच्याच हाती राहिला. पाच वर्षे आपल्या भूमीवर राहिलेल्या पाहुण्यांच्या आठवणींचा ग्रंथ आहे. याच भूमीतून आघाड्यांवर गेलेल्या सैनिकांच्या मूळ बोलण्याचा तेवढाच व्यवस्थित संग्रह जिल्ह्याजिल्ह्यांत असावा, ही अपेक्षा अवाजवी म्हणता येणार नाही.

याउलट, जमवणारा व सांगणारा भिन्न असतो तेव्हा कोणता पेच उद्भवतो, हे स्वेतलाना अलेक्सिएविच यांच्या लेखनावरून दिसते. सोव्हिएत स्त्री-सैनिकांच्या कथनांवर आधारित त्यांचा ग्रंथ १९८५ मध्ये प्रसिद्ध झाला; सेन्सॉरने व स्वतः त्यांनी गाळलेला काही भाग नंतरच्या आवृत्तीत समाविष्ट झाला. अफगाण युद्धावरील त्यांच्या पुस्तकाबाबत मात्र काही निवेदकांनीच आपले म्हणणे विपर्यस्त केल्याची तक्रार केली व १९९०च्या दशकाच्या आरंभी मिन्स्क येथे खटला चालला. २०१५ मध्ये नोबेल पारितोषिकाने त्यांच्या कार्याचा गौरव झाला, तरी निवेदकांचा प्रश्न त्यामुळे निकाली निघत नाही. ज्याचा अनुभव आहे त्याचा त्या शब्दांवर हक्क किती? मूळ ध्वनिमुद्रण सुरक्षित असेल तर या प्रश्नाचा निवाडा करता येतो. ते नसेल तर एकाच्या शब्दाविरुद्ध दुसऱ्याचा शब्द एवढेच उरते.

ग्रामीण महाविद्यालयाची भूमिका

अहिल्यानगर शहरात आर्मर्ड कोअरचे प्रशिक्षण केंद्र आणि मेकॅनाइज्ड इन्फन्ट्रीचे रेजिमेंटल सेंटर आहे. के. के. रेंज या गोळीबार क्षेत्राचा संबंध राहुरी तालुक्यातील गावांशीही येतो. १९९४ साली सुरू झालेल्या रणगाडा संग्रहालयात दोन्ही महायुद्धांच्या काळातील वाहने व १९६५-७१ मधील रणगाडे पाहावयास मिळतात. यंत्रे टिकविण्याची व्यवस्था जिल्ह्यात आहे. ती चालविणाऱ्यांची, त्यांच्यासोबत पायी चालणाऱ्यांची व घरी वाट पाहणाऱ्यांची भाषा टिकविण्याची जबाबदारी ग्रामीण महाविद्यालयांनी स्वीकारणे उचित ठरेल. या कामासाठी लागणारी सर्वांत दुर्मीळ सामग्री, म्हणजे सांगणाऱ्याची बोली समजणारा श्रोता, येथेच उपलब्ध आहे. विद्यार्थी अनेकदा सांगणाऱ्याच्याच वस्तीवरचा, नात्यातला असतो. जिल्हा सैनिक कल्याण कार्यालय, राष्ट्रीय छात्रसेना व राष्ट्रीय सेवा योजना यांचे साहाय्य घेता येते.

मात्र मोबाइलवर घेतलेली चित्रफीत म्हणजे संग्रह नव्हे. ज्या फोनमध्ये ती आहे तो बदलला की ती नाहीशी होते. म्हणून प्रत्येक नोंदीचे तीन स्तर वेगळे ठेवावेत : मूळ ध्वनिमुद्रण, त्यावरून शब्दशः उतरवलेला मजकूर आणि वाचकांसाठी संपादित केलेला पाठ. पहिल्या स्तराला कोणीही हात लावू नये. त्याच्या किमान दोन प्रती वेगवेगळ्या ठिकाणी असाव्यात व ग्रंथालयाच्या दाखल नोंदवहीत पुस्तकाप्रमाणे त्याला क्रमांक मिळावा. सांगणाऱ्याची संमती लेखी किंवा ध्वनिमुद्रित स्वरूपात घ्यावी. एखादा भाग आपल्या हयातीत उघड करू नये, असे तो म्हणाला तर ती अट पाळावी. मुलाखत व्यासपीठावर न घेता घरी, एकापेक्षा अधिक बैठकींत घ्यावी. पहिल्या बैठकीत बहुधा सत्काराची भाषाच ऐकू येते.

निष्कर्ष

१. युद्धानुभवाच्या मौखिक इतिहासात मूळ ध्वनिमुद्रणाचे स्थान हस्तलिखितासारखे आहे. शब्दांकन ही त्याची एक संपादित आवृत्ती होय.

२. स्मृतीतील चुका, भाषेतील बदल व मौन हे दोष म्हणून गाळण्याचे नव्हेत, तर अर्थनिर्णयाची साधने म्हणून नोंदण्याचे घटक आहेत.

३. सत्कार आणि साक्ष यांत फरक केला पाहिजे. सत्कार समाजाच्या गरजेसाठी असतो. साक्षीत समाजाला न आवडणारे सांगण्याची मुभा असावी लागते.

४. सैनिकांच्या बरोबरीने त्यांच्या कुटुंबातील स्त्रियांचे कथन त्यांच्या नावानिशी, व त्यांच्या संमतीने, संग्रहित होणे आवश्यक आहे.

५. राहुरीसारख्या ठिकाणच्या महाविद्यालयांना बोलीचे ज्ञान व सामाजिक जवळीक या दोन्ही गोष्टी लाभल्या आहेत. १९६२, १९६५ व १९७१ च्या पिढीसाठी उरलेला काळ मात्र थोडा आहे.

गोडसे भटजींना विचारणारा एक वैद्य भेटला आणि त्यांची मूळ प्रत जपली गेली, म्हणून झाशीचा वेढा एका सामान्य माणसाच्या नजरेने मराठीत राहिला. गावोगावच्या 'मेजर' मंडळींना त्यांच्या हयातीतच असे विचारणारे भेटणे व त्यांचे बोलणे जसेच्या तसे ग्रंथालयाच्या कपाटात पोहोचणे, यावर या भागातील युद्धस्मृतींचे भवितव्य अवलंबून आहे.